खलनायक आणि गावाचे दार

जुन्या इंग्रजी रंगभूमीवर ‘मेलोड्रामा’ नावाचा एक नाट्यप्रकार होता. त्यात खलनायकाने रंगमंचावर पाऊल टाकले की प्रेक्षकांनी त्याची हुर्यो उडवायची, नायिकेने आसवे गाळली की हळहळायचे, आणि शेवटी दुष्टाला शासन झाले की टाळ्या वाजवून समाधानाने घरी जायचे, असा रिवाज पडला होता. कथानक सर्वांना आधीच ठाऊक असे. तरीही लोक पुनःपुन्हा येत, कारण त्यांना कथा ऐकायची नसून न्याय झालेला पाहायचा असे. जगात न्याय क्वचितच डोळ्यांना दिसतो, तो तिकिटाच्या चार पैशांत पाहायला मिळावा, ही माणसाची भूक समजण्यासारखी आहे.

ही जुनी परंपरा बोलपटाच्या पडद्यावर जिवंत ठेवण्याचे काम ज्या नटाने केले, त्याचे नाव टॉड स्लॉटर. १८८५ साली न्यूकॅसल येथे जन्मलेला हा नट आयुष्यभर खलपुरुषांच्या भूमिका करीत राहिला. १९२०च्या दशकात लंडनच्या एलिफंट अँड कॅसल नाट्यगृहात त्याने जुनी खूनकथांची नाटके पुन्हा रंगभूमीवर आणली. त्यांपैकी सर्वांत गाजलेल्या नाटकावरून १९३५ साली चित्रपट निघाला, तो म्हणजे ‘मारिया मार्टेन, अथवा लाल कोठारातील खून’. दिग्दर्शक मिल्टन रॉस्मर, निर्माता जॉर्ज किंग. ब्रिटनमध्ये १९२७ साली झालेल्या कायद्यान्वये चित्रपटगृहांना काही ठरावीक प्रमाणात देशी चित्रपट दाखविणे बंधनकारक झाले होते. ती अट पुरी करण्यासाठी थोड्या पैशांत आणि थोड्या दिवसांत जे अनेक चित्रपट तयार झाले, त्यांच्याच पंगतीतला हा एक. लांबी जेमतेम सव्वा तासाच्या आत. आज तो घरबसल्या पाहता येतो, आणि जुने चित्रपट आवडीने पाहणारी आपल्यातील काही कुटुंबे तो पाहतातही. म्हणूनच त्याच्याविषयी दोन शब्द लिहावेत असे आम्हांस वाटले.

चित्रपटाचा आरंभ मोठा मौजेचा आहे. पडद्यावर प्रथम एक रंगमंच दिसतो आणि एकेका पात्राची प्रेक्षकांशी ओळख करून दिली जाते. हा खलनायक, ही नायिका, हा तिचा पिता, असे सारे आधीच सांगून टाकलेले. मग कथा सुरू होते. विल्यम कॉर्डर हा गावचा जमीनदार. बाहेरून प्रतिष्ठित आणि गोडबोल्या, आतून लंपट व निर्दय. गरीब शेतकऱ्याची मुलगी मारिया त्याच्या मोहात सापडते. कार्लोस नावाच्या जिप्सी तरुणाचे तिच्यावर निर्व्याज प्रेम आहे, पण तिचे डोळे जमीनदाराच्या थाटाने दिपलेले. पुढे तिला दिवस जातात. बाप तिला घराबाहेर काढतो. इकडे कॉर्डरला एका श्रीमंत स्त्रीशी विवाह करावयाचा आहे, त्या वाटेत ही मुलगी आडवी येते. तो तिला लग्नाचे आमिष दाखवून लाल कोठारात बोलावतो, तेथेच तिचा खून करून तिला तेथेच पुरतो. संशय मात्र त्या जिप्सी तरुणावर येतो. शेवटी सत्य उजेडात येते आणि खुन्याला फास मिळतो.

स्लॉटरचा अभिनय आजच्या कसोटीने भडक म्हणावा लागेल. तो हात चोळतो, डोळे फिरवतो, ओठांतल्या ओठांत हसतो. सोफी स्टुअर्टची मारिया आणि एरिक पोर्टमनचा कार्लोस ही दोघे त्याच्यासमोर फिकी वाटतात. परंतु हा भडकपणा अज्ञानातून आलेला नाही. मागच्या रांगेतल्या प्रेक्षकालाही दुष्टपणा स्पष्ट दिसावा, यासाठी घडवलेली ती एक शैली आहे. तिच्यात एक प्रकारचा प्रामाणिकपणाही आहे. आपण खोटे खोटे दुष्ट आहोत, हे नट प्रेक्षकांना जणू डोळा मारून सांगतो आणि प्रेक्षकही त्या खेळात सामील होतात. ही भूमिका स्लॉटरने इतकी वर्षे केली, की १९५६ सालच्या फेब्रुवारीत डर्बी शहरी त्याचा मृत्यू झाला तोही याच नाटकाचा प्रयोग करून झाल्यावर. एका भूमिकेशी असे तादात्म्य कलाक्षेत्रात दुर्मीळच.

इतके श्रेय देऊन झाल्यावर प्रश्न उरतो तो असा की, हा चित्रपट पाहून आपण पापाविषयी काय शिकतो?

या कॉर्डरला आपण दुष्ट आहोत हे पक्के ठाऊक आहे. दुष्टपणाची त्याला गोडी आहे. पण ख्रिस्तसभेच्या थोर आचार्यांनी मानवी मनाचा जो शोध घेतला, तो याहून खोल आहे. संत थॉमस अक्वायनस यांची शिकवण अशी की, मनुष्याची इच्छाशक्ती वाईटाला वाईट म्हणून कवटाळीत नाही. जे तिला कोणत्या तरी प्रकारे चांगले भासते, त्याच्याच मागे ती धावते. संत ऑगस्टिन यांनी आपल्या तरुणपणीची नासपतीची चोरी आठवून पानेच्या पाने आत्मपरीक्षण केले. भूक नसताना, घरी याहून चांगली फळे असताना आपण ती का चोरली, हा प्रश्न त्यांना प्रौढपणीही सोडीना. संगत नसती तर आपण ती चोरी केली नसती, या उत्तरापाशी ते पुनःपुन्हा येतात. पाप करणारा माणूस आरशासमोर उभा राहून हात चोळीत नाही. तो स्वतःला समजावतो. ‘नाइलाज होता’, ‘सगळेच करतात’, ‘तिचीही चूक होतीच’ अशी वाक्ये तो स्वतःशी बोलतो. पापनिवेदनाच्या संस्कारासाठी ज्यांनी कधी मनापासून तयारी केली असेल, त्यांना आम्ही काय म्हणतो ते सहज उमजेल. सर्वांत कठीण काम पाप सांगण्याचे नसते, पापाभोवती गुंडाळलेली कारणे सोडविण्याचे असते.

मराठी प्रेक्षकाला हा फरक ध्यानात घेण्यासाठी फार दूर जावयास नको. जब्बार पटेल यांचा ‘सामना’ हा १९७४ सालचा चित्रपट आठवावा. त्यात निळू फुले यांनी रंगविलेला हिंदुराव धोंडे पाटील हाही गावचा सत्ताधीश आहे आणि त्याच्याही कारभाराखाली एका गरीब माणसाचे प्रेत दडलेले आहे. परंतु हिंदुराव स्वतःला खलनायक समजत नाही. आपण मुलखाचे भले केले, कारखाना उभारला, माणसे पोसली, ही त्याची श्रद्धा आहे, आणि ती सर्वस्वी खोटीही नाही. म्हणूनच त्याला पाहताना प्रेक्षक अस्वस्थ होतो. स्लॉटरच्या कॉर्डरला पाहून आपण अस्वस्थ होत नाही. आपली करमणूक होते. तो आपल्यापैकी नाही, याची खात्री पहिल्या दृश्यातच मिळालेली असते. असा खलनायक म्हणजे प्रेक्षकाला मिळालेले एक प्रकारचे दोषमुक्तीचे पत्रच होय.

हे पत्र किती खोटे आहे, हे कळण्यासाठी ज्या सत्य घटनेवर ही कथा उभी आहे, तिच्याकडे वळले पाहिजे.

मारिया मार्टेन ही खरोखरच होऊन गेलेली स्त्री. इंग्लंडच्या सफोक परगण्यातील पोल्स्टेड हे तिचे गाव. जन्म १८०१ सालचा. वडील शेतजमीन पोखरणारे प्राणी पकडण्याचा धंदा करीत. विल्यम कॉर्डर हा पन्नाशीतला जमीनदार नव्हता. तो एका सुखवस्तू शेतकऱ्याचा मुलगा होता आणि मारियाहून सुमारे दोन वर्षांनी लहान होता. १८ मे १८२७ रोजी ती त्याला भेटण्यास लाल कोठाराकडे गेली आणि परत आली नाही. आपण तिच्याशी विवाह केला आहे, ती सुखरूप आहे, अशी पत्रे कॉर्डर तिच्या घरी पाठवीत राहिला. त्याने वर्तमानपत्रांत पत्नी पाहिजे अशी जाहिरात दिली, आलेल्या उत्तरांतून एकीशी विवाह केला, आणि लंडनजवळ मुलींची शाळा चालवू लागला! ११ महिन्यांनी, १९ एप्रिल १८२८ रोजी, मारियाच्या वडिलांनी स्वतः कोठाराची जमीन खणली आणि त्यांना आपल्या मुलीचे प्रेत सापडले. आपल्याला स्वप्नात ती जागा दिसली, असे तिच्या सावत्र आईने सांगितले होते. ऑगस्टमध्ये बरी सेंट एडमंड्स येथे खटला चालला आणि ११ ऑगस्ट १८२८ रोजी कॉर्डरला जाहीरपणे फाशी देण्यात आली. तत्पूर्वी त्याने आपल्या हातून गोळी सुटल्याचे कबूल केले. मात्र भांडणाच्या भरात तसे घडले, हे त्याचे म्हणणे अखेरपर्यंत होते. पाहा, फासाच्या छायेतही माणूस आपल्या पापाला कारण शोधतोच. रंगमंचावरचा कॉर्डर असे कारण कधी शोधीत नाही.

परंतु आम्हांस याहूनही महत्त्वाचा वाटतो तो मारियाच्या आयुष्याचा भाग. नाटकाने व चित्रपटाने तिला भोळी, अननुभवी कुमारिका केले. खऱ्या मारियाला तीन अपत्ये झाली होती, आणि त्या तिघांचे पिते तीन वेगळे पुरुष होते. पहिले मूल कॉर्डरच्याच थोरल्या भावापासून झालेले, ते दगावले. दुसरे एका सधन गृहस्थापासून झालेले, तेवढे जगले. तिसरे विल्यम कॉर्डरपासून १८२७ साली झालेले, तेही काही दिवसांतच गेले. विवाह एकाशीही झाला नव्हता. गावात तिच्याविषयी काय बोलले जात असेल, याची कल्पना कोणत्याही गावात राहिलेल्या वाचकास करता येईल.

तिला कोठाराकडे नेण्यासाठी कॉर्डरने जे साधन वापरले, ते नीट लक्षात घेण्यासारखे आहे. विवाहाबाहेर मुले झाल्याबद्दल पॅरिशचे अधिकारी तुझ्यावर खटला भरणार आहेत, असे त्याने तिला सांगितले. त्या काळी इंग्लंडमध्ये पॅरिश हे केवळ उपासनेचे क्षेत्र नव्हते. गरिबांना मदत देणे, अनौरस मुलांचा खर्च कोणी सोसायचा ते ठरविणे, अशी कामेही पॅरिशकडे असत आणि त्यासाठी तिचे अधिकारी असत. त्या अधिकाऱ्यांच्या भीतीने मारिया दिवसाढवळ्या पुरुषाचा वेश घालून घराबाहेर पडली, म्हणजे कोणी ओळखू नये. ती लपतछपत गेली म्हणूनच तिच्या जाण्याची चौकशी झाली नाही. पिस्तूल कॉर्डरचे होते हे खरे. परंतु ती ज्या भीतीने त्या कोठारापर्यंत चालत गेली, ती भीती एकट्या कॉर्डरची निर्मिती नव्हती. ती गावाने पुरविली होती. ‘पॅरिश’ या शब्दात आपणां सर्वांना घराची ऊब जाणवते. त्याच शब्दाचा एका मुलीला एवढा धाक वाटला, की तिला गावापेक्षा खुन्याची सोबत सुरक्षित वाटली. एका धर्मगुरूला हा तपशील वाचून स्वस्थ झोप लागणे कठीण आहे.

आता चित्रपटाकडे पुन्हा पाहावे. मारियाचे पूर्वायुष्य त्याने का पुसून टाकले? उत्तर सरळ आहे. प्रेक्षकांची करुणा मिळवायची असेल तर तिला निष्पाप केले पाहिजे, असे नाट्यकारांना वाटले, आणि प्रेक्षकांची त्यांची पारख चुकीची नव्हती. तीन मुलांच्या अविवाहित आईचा खून झाला असे सांगितले असते, तर प्रेक्षागृहात कोणीतरी कुजबुजले असते की असल्या बायकांचे असेच व्हायचे. म्हणून नाटकाने तिला धुऊन स्वच्छ केले आणि मगच तिच्यासाठी अश्रू मागितले. खलनायकाला अधिक काळा करणे हा या मेलोड्रामाचा लहानसा असत्याचार आहे. त्याचा मोठा असत्याचार बळी पडलेल्या स्त्रीला अधिक गोरी करणे हा होय.

शुभवर्तमानाची रीत याच्या अगदी उलट आहे. संत मत्तयने प्रभू येशूची वंशावळ दिली, तीत तामार आहे, राहाब आहे, उरियाची पत्नी आहे. त्यांची नावे वगळून वंशावळ सोज्ज्वळ करणे त्याला अशक्य नव्हते. विहिरीवर भेटलेल्या शोमरोनी स्त्रीचे पूर्वायुष्य प्रभूला ठाऊक होते आणि तिलाही ठाऊक होते. ते झाकून ठेवून संभाषण झाले नाही. व्यभिचाराच्या गुन्ह्यात धरून आणलेल्या स्त्रीला तर प्रभूने निर्दोष ठरविले नाही. तिने पाप केले नाही असे त्याने म्हटले नाही. त्याने प्रथम दगड खाली टाकायला लावले आणि मग तिला नव्या आयुष्याकडे पाठविले. म्हणजे करुणा आधी आणि सुधारणा मागाहून. आपण बहुधा हा क्रम उलटा करतो. माणूस आधी शुद्ध व्हावा, मग आम्ही त्याच्यासाठी रडू, असा आपला करार असतो.

गंमत अशी की, या चित्रपटाला स्वतःलाही हे कुठेतरी ठाऊक असावे. बाप मुलीला घराबाहेर काढतो, ते दृश्य आम्हांस खुनाच्या दृश्याहून अधिक भेदक वाटले. तेथे स्लॉटर नाही, हात चोळणे नाही. एक सज्जन, कष्टाळू, देवभीरू माणूस आहे आणि त्याला आपण योग्य तेच करीत आहोत अशी खात्री आहे. तो दुष्ट नाही. त्याच्या घराची अब्रू गेली आहे आणि ती परत मिळविण्याचा त्याला एवढाच मार्ग दिसतो. त्या बंद दाराच्या बाहेर मारियाला जाण्यासाठी एकच ठिकाण उरते, ते म्हणजे लाल कोठार. चित्रपट या दाराजवळ क्षणभर थांबला असता, तर तो थोर झाला असता. पण त्याला खलनायकाकडे परतण्याची घाई आहे, कारण लोकांनी तिकीट त्याच्यासाठी काढले आहे. खऱ्या आयुष्यातल्या पित्याने आपल्या हातांनी माती उपसून मुलीला शोधले, हे आठवले म्हणजे चित्रपटातले ते दार अधिकच जड वाटते.

लोकांच्या या उत्सुकतेचाही इतिहास आहे, आणि तो फारसा गौरवाचा नाही. खटला सुरू होण्यापूर्वीच या खुनावर नाटके व बाहुल्यांचे खेळ होऊ लागले होते. कोठाराजवळ एका धर्मोपदेशकाने हजारोंच्या जमावापुढे प्रवचन केले, आणि आरोपी दोषी ठरण्यापूर्वीच त्याला दोषी मानून केले. न्यायाधीशांनी या सर्व प्रकाराबद्दल नापसंती व्यक्त केली. फाशी पाहण्यास हजारो माणसे लोटली. फासाच्या दोराचे तुकडे विकले गेल्याचे सांगतात. लाल कोठाराच्या फळ्या लोकांनी आठवण म्हणून उचकटून नेल्या. कॉर्डरच्या कातडीत बांधलेले खटल्याच्या हकिकतीचे पुस्तक बरी सेंट एडमंड्सच्या संग्रहालयात आहे. त्याचा सांगाडा दीर्घकाळ वैद्यकीय शिक्षणासाठी वापरला गेला. शेवटी २००४ साली, म्हणजे फाशीनंतर १७६ वर्षांनी, त्याला अग्निसंस्कार मिळाला. आणि मारियाची कबर? तिच्यावरचा दगड आठवणीच्या लोभाने लोकांनी तुकड्यातुकड्यांनी फोडून नेला. आज दफनभूमीत ती जागा दाखविणारी पाटी तेवढी आहे. ज्या मुलीसाठी सारे जग हळहळले, तिच्या कबरेवर दगडसुद्धा टिकू दिला नाही! खुन्याचे नाव पुस्तकात राहिले, चित्रपटात राहिले. बळीच्या वाट्याला तिचे खरे आयुष्यही आले नाही आणि स्मारकशिलाही नाही.

तर मग हा चित्रपट पाहू नये काय? आमचे मत तसे नाही. थोर कलाकृती म्हणून नव्हे, पण जुन्या रंगभूमीचा एक सच्चा नमुना म्हणून तो जरूर पाहावा. लहानांना नको, परंतु कळत्या वयाच्या मुलामुलींसह आईवडिलांनी तो एकत्र पाहिला तर संभाषणास चांगला विषय मिळेल. स्लॉटरच्या करामतींना हसावेही. त्यात गैर नाही. मात्र संपल्यावर ‘तो किती दुष्ट होता’ एवढे बोलून उठू नये. ती मुलगी आपल्या आळीतली असती तर तिने प्रथम कोणाचे दार ठोठावले असते, हा प्रश्न मोठ्यांनी मुलांच्या देखत एकमेकांना विचारावा. उत्तर देण्यास वेळ लागला तरी हरकत नाही.

कारण खलनायक आजही आहेत आणि त्यांच्यासाठी न्यायालये आहेत, तुरुंग आहेत. त्यांचा बंदोबस्त हे मुख्यतः आपल्या धर्मग्रामाचे काम नव्हे. आपले काम दाराचे आहे. आपल्या गावांतही एखादी मुलगी अडचणीत येते, आणि तिला सर्वांत मोठी धास्ती कशाची वाटते? फसविणाऱ्याची नव्हे. रविवारी मिस्सा सुटल्यावर चर्चच्या पायऱ्यांवर होणाऱ्या कुजबुजीची, शेजारणीच्या नजरेची, बापाच्या मौनाची. मग ती मुकाट्याने कोठेतरी निघून जाते, कधी चुकीच्या डॉक्टरकडे, कधी चुकीच्या माणसाबरोबर, आणि पुढे काही विपरीत घडले की आपण सारे त्या माणसाच्या नावाने बोटे मोडतो. बोटे मोडणे योग्यच आहे. पण तेवढ्याने दार उघडत नाही.

ज्या घरात मुलीला हे पक्के ठाऊक आहे की काहीही झाले तरी आईबाबा आधी मला आत घेतील आणि मग रागावतील, त्या घरातल्या मुलीला कोणताही कॉर्डर कोठारापर्यंत नेऊ शकणार नाही. उधळ्या पुत्राच्या पित्याने नेमके हेच केले. पुत्राचे क्षमेचे वाक्य पुरे होण्याची त्याने वाट पाहिली नाही. एकशे नव्वदांहून अधिक वर्षांपूर्वीच्या त्या सफोकमधील मुलीसाठी आता आपण काही करू शकत नाही, तिच्या आत्म्यासाठी एक प्रार्थना करण्याव्यतिरिक्त. ती मात्र अवश्य करावी, आणि तिचे जसे होते तसे सगळे आयुष्य ध्यानात घेऊन करावी.